रायीच्या अलीकडे थांबलेला सिनेमा

ओदिल, तुझ्याविषयी फ्रान्सच्या वर्तमानपत्रात आलेला मजकूर तुझ्या भावाने मला फोनवर पाठवला. सिनेमांची नावं सगळी बरोबर आहेत, जन्मगाव बरोबर आहे, ‘कुठल्याही चौकटीत न बसणारी स्वतंत्र दिग्दर्शिका’ असंही छापलंय. गोव्याच्या वाट्याला एकच वाक्य आलंय. आयुष्याची अखेरची वर्षं तू म्हणे भारताच्या किनाऱ्यावर घालवलीस. कोरगावातल्या तुझ्या घरातून समुद्र दिसत नाही, हे त्यांना कोण सांगणार? तुझ्या खिडकीतून दिसायची ती शेवंतीमावशीची काजूची बाग आणि दोरीवर वाळणारी तिची लुगडी. कपाळाला हात लावून तू म्हणाली असतीस, ‘बघ, मेल्यावर सुद्धा मला चुकीच्या जागी नेऊन बसवतात.’

मी त्या मजकुरात तुला शोधत राहिले आणि तू सापडली नाहीस. म्हणून हे लिहायला बसले. मराठीत लिहितेय. तुला वाचता आलं नसतं, मग तू मागे लागली असतीस की वाचून दाखव, आणि मी वाचताना गुळगुळीत करून सांगितलं असतं. आता तीही सोय राहिली नाही, तेव्हा मनात येईल ते लिहिते.

आपली पहिली भेट आठवते? मी पेडण्यात अकरावी-बारावीच्या मुलांना फ्रेंच शिकवते आणि तोवर मी एकही जिवंत फ्रेंच माणूस पाहिला नव्हता. तू तुझ्या त्या खडखडणाऱ्या मोटरसायकलवरून शाळेत आलीस, फ्रेंच समजणारं कुणी आहे का विचारत. आमच्या मुख्याध्यापकांनी मला मोठ्या अभिमानाने पुढे केलं. मी पाठ्यपुस्तकातलं वाक्य शोभेल असं एक लांबलचक स्वागत केलं. तू हसत सुटलीस, पार डोळ्यांत पाणी येईपर्यंत. म्हणालीस, ‘मादाम, तुम्ही बोललात ना, तर मला बँकेतून आलेली नोटीस आठवली.’ सगळ्या स्टाफरूमसमोर. मला इतका राग आला की मी तुझ्याशी पुन्हा बोलायचं नाही असं ठरवलं, आणि पुढच्या रविवारी तुझ्या घरी जेवायला होते.

त्या घराची मालकीण शेवंतीमावशी. तिने तुला खोल्या भाड्याने दिल्या त्या ‘गोरी बाय दोन महिन्यांत जाईल’ या हिशोबाने. तू जाईनास. काजूच्या दिवसांत तू तिच्याबरोबर बागेत बोंडू वेचायचीस, रसाने हात चिकट करून घ्यायचीस आणि त्याच हातांनी कॅमेऱ्याला शिवायला गेलीस की तिच्याकडून ओरडा खायचीस. ‘ओदिलबाय, हात धू गो आदी! तुज्या मशीनाक मुंगयो लागतल्यो!’ हे वाक्य तुला तिच्याच सुरात म्हणता यायचं. तुझी सगळी कोकणी बहुधा तेवढीच होती.

आणि ते रविवार. दुपारच्या वेळी खिडक्यांना गोणपाट लावून, भिंतीवर मावशीची पांढरी चादर टांगून तू आम्हाला तुझे सिनेमे दाखवायचीस. आम्ही म्हणजे मी, मावशी, शेजारच्या दोन-चार बायका आणि देवळातले आबा गुरव. मी चादरीच्या बाजूला खुर्ची घेऊन बसायची आणि पात्रं बोलतील तसं मोठ्याने मराठीत सांगायची. प्रेताची गाडी चालवणाऱ्या ड्रायव्हरचा तो विनोदी सिनेमा, त्यात गाडी रस्ता चुकते आणि सगळं गाव मेलेल्या माणसाला शोधत फिरतं. बायका हसून हसून आडव्या. पुढच्या रविवारी मिठागरातल्या मजुरांवरचा माहितीपट. त्याच्या पुढच्या रविवारी भुताचा सिनेमा, ज्यात भूत एकदाही दिसत नाही, फक्त घरातली माणसं हळूहळू एकमेकांशी बोलायची थांबतात. मग मातीच्या बाहुल्यांचा, मुलांसाठी केलेला. मग तो विधवेचा, ज्यात शेवटपर्यंत कुणी एक शब्द बोलत नाही. त्या दिवशी मला कामच नव्हतं. अर्ध्यावर बघते तर मावशी पदराने डोळे पुसत होती, आणि मी नुसती बसून होते म्हणून मला ते दिसलं.

सगळे बघून झाल्यावर मावशीने विचारलं होतं, ‘ह्ये सगळे एकाच बायन काडले? माका वाटला, तुमच्या गावची मंडळी वाटून घेवन काडतत!’ मी तुला भाषांतर करून सांगितलं. तू उठून मावशीला मिठी मारलीस. तुमच्याकडचे समीक्षक हीच गोष्ट तक्रार म्हणून लिहीत आले होते ना? ही बाई एका जागी ठरत नाही, हिची शैली कुठली ते कळत नाही, हिला कुठल्या कप्प्यात घालायचं. मोठे निर्माते त्यामुळेच तुझ्या वाटेला जात नसत. मीसुद्धा एकदा तुला उपदेश केला होता, एकच काहीतरी धरून कर म्हणून. तू भाजी चिरत होतीस. मान वर न करता विचारलंस, ‘तू घरी रोज भेंडीच करतेस का?’

खरं सांगू? मला तुझा हेवा वाटायचा. वर्षानुवर्षं तेच धडे शिकवणाऱ्या बाईला तुझ्यासारखीचा हेवा वाटणारच. पण तू मला नुसतं बघत बसू दिलं नाहीस. संवाद लिहायला लावलेस, माणसं शोधायला लावलीस, उन्हातान्हात शूटिंगला उभं केलंस. बँकेची नोटीस लिहिणारी मी, माझ्या हातून तू बोलती माणसं काढून घेतलीस. याबद्दल मी तुझे आभार कधी मानले नाहीत. मानले असते तर तू विषय बदलला असतास, हे खरं. तरी मानायला हवे होते.

डिचोलीच्या उल्हासलाही तू असंच उचललंस. लग्नाचे व्हिडिओ काढणारा बाप्या माणूस, दोन मुलांचा बाप. तू त्याला तुझा कॅमेरा दिलास आणि एवढंच सांगितलंस की लग्नात सगळे कॅमेरे नवरीकडे असतात, तू नवरीच्या आईकडे ठेवून बघ. त्याने ते मनावर घेतलं. अजून त्याची गिऱ्हाइकं तक्रार करतात, ‘अरे उल्हास, व्हिडिओ बरो आसा, पण न्हवरो खंय?’ तू गेल्याचं मी त्याला फोनवर सांगितलं. तो म्हणाला, ‘टीचर, आता माका कोण झापतला?’

आता त्या शेवटच्या सिनेमाबद्दल. त्यावरून आपण भांडलो, आणि ते भांडण अजून माझ्याकडेच आहे.

गोष्ट तशी साधी होती. डिचोलीकडच्या एका बाईचा डोंगर खाणीत जातो. ज्या डोंगराच्या सावलीत तिचं घर, विहीर, सगळं आयुष्य, तोच नाहीसा होतो. ती बोचकं काखेत मारते आणि बसायला एक सावली शोधत गावोगाव चालत सुटते. ती बाई म्हणून तू शेवंतीमावशीला उभं केलंस. मावशी आधी लाजली, मग अशी काही चालू लागली की आम्ही बघत राहिलो. डिचोलीतला लाल रस्ता झाला, नदीकाठ झाला, पेडण्याचा बसस्टँड झाला, रायीच्या अलीकडे येऊन ती थांबते तेही झालं. शेवट राहिला. शेवटी ती बाई देवाच्या रायीत शिरते, एवढं मला ठाऊक होतं. गावाने देवासाठी राखलेलं ते रान. तिथे कुऱ्हाड चालत नाही, पडलेली फांदीही कुणी घरी नेत नाही. तिथे कॅमेरा न्यायचा तर देवाला विचारायला हवं, असं आबा गुरवांनी सांगितलं. तू लगेच हो म्हणालीस.

सोमवारी सकाळी आपण देवळात गेलो. तुझे केस ओले होते. आबांनी देवाला आंघोळ घातली, पाण्यात भिजवलेल्या फुलाच्या पाकळ्या देवाच्या अंगाला उजवीकडे आणि डावीकडे चिकटवल्या. मी तुझ्या कानाशी सांगत होते, उजवी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. आबांनी गाऱ्हाणं घातलं. ‘बा देवा म्हाराजा, ही फ्रान्साची बाय तुज्या पायांकडे इली हा. तिका तुज्या रायेत कायतरी काम करूचा हा. तुजी खुशी आसली तर उजवो कौल दी, म्हाराजा.’ जमलेली मंडळी म्हणाली, ‘व्हय म्हाराजा.’ तूही म्हणालीस, तुझ्या त्या उच्चारात. आणि डावी पाकळी पडली.

कुणी दचकलं नाही. अशा वेळी कुणी दचकत नसतं. आबा शांतपणे म्हणाले, ‘आता इचारया, दिस नाका काय, माणूस नाका काय, जागो नाका.’ आमच्याकडची रीतच ती. देव नको म्हणाला की काय नको ते विचारत जायचं. दुसरा दिवस ठरवायचा, नारळ वाढवायचा, अट घालून घ्यायची. पाकळ्या पुन्हा लागतात. मी तुला हे सगळं समजावून सांगितलं. तू हात जोडलेस, देवाला आणि आबांना नमस्कार केलास आणि म्हणालीस, ‘नाही. तो नाही म्हणाला.’ आणि बाहेर येऊन चपला घालायला लागलीस.

मावशीच्या पडवीत आपण जे भांडलो ते सगळ्या वाड्याने ऐकलं. मी म्हटलं, आमच्या देवाचा नकार म्हणजे बोलणी सुरू झाली. तू म्हणालीस, मग त्याचा होकार म्हणजे काय? मी म्हटलं, तो गावात राहतो, गाव त्याच्याशी घासाघीस करतं, रुसतं, पुन्हा जातं, हे नातं आहे, कोर्टाचा निकाल नाही. तू म्हणालीस, ‘जन्मभर माणसांनी मला नाही म्हटलं आणि मी एकाचंही ऐकलं नाही. एकदा तरी कुणाचं ऐकू दे मला.’ मला ते नाटकी वाटलं. तसं मी म्हणालेही. मग तू हळू आवाजात म्हणालीस, ‘मी पाहुणी आहे. पाहुण्याने घासाघीस करू नये.’

ते मला लागलं. इतकी वर्षं एका ताटात जेवलो, मावशीच्या बागेत राबलीस, आणि पाहुणी? मी तुला विचारलं, मग आम्ही कोण, हॉटेलवाले? मला अजूनही वाटतं, तुझं चुकलंच. देवाचं ऐकलंस ते ठीक, पण पाहुणी म्हणालीस ते चुकलं. तू जिवंत नाहीस म्हणून मी माझं मत बदलणार नाही.

पावसाआधी तू ‘भावाला भेटून येते’ म्हणून गेलीस. मावशीकडे खोलीची किल्ली ठेवलीस, कॅमेरा उल्हासकडे दिलास. आम्हाला त्यात काही वेगळं वाटलं नाही. आता तुझा भाऊ पियेर सांगतो की पणजीच्या डॉक्टरांचे रिपोर्ट त्या सोमवारच्या आधीच आले होते. म्हणजे ओल्या केसांनी तू देवासमोर उभी होतीस तेव्हा तुला ठाऊक होतं. मी हे कळल्यापासून तो सोमवार पुन्हा पुन्हा आठवून बघते. तू कुणाचं ‘नाही’ ऐकत होतीस, ओदिल? आमच्या देवाचं, की त्या डॉक्टरांचं? आणि दोन्ही एकदम गिळून तू माझ्याशी पाकळ्यांवरून वाद घालत बसलीस. मला सांगितलं का नाहीस? मी रडले असते, तुझ्यावर चिडले असते, तुला घेऊन दवाखान्याच्या चकरा मारल्या असत्या. तेवढा हक्क मला होता. तुझा मला खूप राग येतो, आणि राग काढायला समोर तू नाहीस.

शेवटचा फोन तूच केलास. आवाज अगदी बारीक झाला होता. विचारलंस, मावशीने बाग साफ केली का, पोदेर अजून कडक पाव देतो का. मला म्हणायचं होतं, ये परत, आपण पुन्हा विचारू, या वेळी गाऱ्हाणं मी घालते. म्हणायचं होतं की तू पाहुणी नाहीस. तोंडातून काय निघालं, तर ‘जेवलीस का?’ तू हसलीस. त्यानंतर पियेरचाच फोन आला.

तुझी राख तुझ्या गावात पुरली. इथे बारावं-तेरावं कोण करणार, हा प्रश्न कुणाच्या मनात आला नाही, असं नाही. मावशीने आपल्या परीने एके दिवशी खीर केली आणि तुझ्या खोलीच्या उंबऱ्यावर पानावर वाढून ठेवली.

मग पियेरने विचारलं की सिनेमाचं काय करायचं. तिकडे एक-दोघे दाखवायला तयार आहेत, पण शेवट नाही. कुणीतरी म्हणालं, दुसऱ्याच एखाद्या जंगलात शेवट चित्रित करून जोडून टाकू. कुणी म्हणालं, ड्रोनने वरून झाडं दाखवू. पण जाण्याआधी तू भावाला सांगून ठेवलं होतंस की याचा निर्णय टीचरने घ्यायचा. माझ्यावर ही जबाबदारी टाकून तू मोकळी झालीस. मला तर तेव्हा दुसरं काही नको होतं. मला तुझा सिनेमा पुरा करून हवा होता. तेवढा एक झाला की तू अर्धी राहिली नाहीस असं मला वाटलं असतं.

मावशीच म्हणाली, ‘टीचर, परत कौल लावया. आता देव नाय म्हणाचो नाय.’ आबा गुरव तर जणू वाट बघत होते. ‘तिना माका इचारूकच दिला नाय,’ म्हणाले. ‘दिस नाका होतो काय कोण जाणा. बघया.’ उल्हास डिचोलीहून कॅमेरा घेऊन आला. आम्ही देवळात उभे राहिलो. आबांनी पाकळ्या लावल्या आणि गाऱ्हाणं घातलं. ‘बा देवा म्हाराजा, आमची ओदिलबाय गेली. तिचा काम आर्दा रवला. ता पुरा करूक ही तुजी लेकरां तुज्याकडे इली हत. उजवो कौल दी, म्हाराजा.’ आम्ही म्हटलं, ‘व्हय म्हाराजा.’ ‘आमची’ म्हणाले ते, ओदिल. कुणी शिकवलं नव्हतं.

उजवी पाकळी पडली. अगदी सहज पडली, काही विशेष नसावं तशी. मावशीने जमिनीला डोकं टेकलं. आणि मी काय केलं असेल? मान वळवून शेजारी बघितलं, ‘बघ, म्हटलं नव्हतं?’ असं म्हणायला. शेजारी उल्हास होता.

तिथूनच आम्ही अनवाणी रायीत गेलो. आत गारवा होता, पायाखाली पानांचा जाड थर, आणि झाडं इतकी जुनी की आम्ही आपोआप हळू बोलायला लागलो. ऊन वरून कुठे कुठे झिरपत होतं. तुला आवडला असता असा उजेड. मावशीने सिनेमातलं लुगडं नेसलं होतं, बोचकं काखेत होतं. उल्हासने कॅमेऱ्याचं तिकाटणं खांद्यावरून उतरवलं आणि माझ्याकडे बघितलं. ‘टीचर, कॅमेरो खंय लावू?’

मी इकडे तिकडे बघितलं. मोठ्या झाडासमोर लावावा? वाटेवर? तेवढ्यात मावशी दोन पावलं आत गेली, थांबली आणि मागे वळून म्हणाली, ‘आनी मी काय करू गो? बसू? रडू? देवाक हात जोडू?’

तू कधी काही लिहून ठेवायची नाहीस. त्या दिवशीचं त्या दिवशी, माणसाजवळ जाऊन त्याच्या कानात सांगायचीस. मावशी तिथे तुझ्या रायीत कान देऊन उभी होती आणि सांगायला कुणी नव्हतं. आपण भांडलो ते आत जायचं की नाही यावरून. आत तुला काय दिसलं होतं, ती बाई इथे येऊन काय करते, तिला सावली मिळते की नाही, हे तुझ्याशिवाय कुणालाच ठाऊक नव्हतं. मी मावशीला बस म्हणाले असते तर ती बसली असती. रड म्हटलं असतं तर रडली असती, ती तशीही रडायच्या बेतात होती. काहीही चाललं असतं, सगळ्यांनी सुंदर म्हटलं असतं, आणि त्यातलं काहीच तुझं नसतं.

ऊन सरकेपर्यंत आम्ही तिथे उभे राहिलो. मग मी म्हटलं, ‘चला घरा.’ उल्हासने तिकाटणं मिटलं.

मावशीच्या घरी येऊन मी पियेरला फोन केला. सांगितलं की सिनेमा जिथे थांबलाय तिथेच संपू दे, मावशी रायीच्या अलीकडे उभी आहे तिथे. त्याने विचारलं, देवाने पुन्हा नकार दिला का? मी म्हटलं, नाही, या वेळी होकार दिला. तो गोंधळला. मग करत का नाही, म्हणाला, परवानगी आहे, कॅमेरा आहे, माणसं आहेत. तुला सांगते, इतके दिवस मी सगळ्यांना ‘ओदिल गेली’ असंच सांगत आले होते, बसने कुठे गेल्यासारखं. त्या दिवशी मला पियेरला दुसरं काही सांगता येईना. मी म्हटलं, ‘ती नाहीये.’ आणि फोन हातात तसाच धरून मावशीच्या पडवीत बसून मोठ्याने रडले.